तीन सळ्यांचा दरवाजा

मी दरवाजा बोलतोय. जरा बेताने या, आमचा उंबरठा उंच आहे. पहिल्यांदा येणारा हमखास ठेच खातो आणि शिव्या मात्र मला घालतो.

नदीकडे उतरणाऱ्या गल्लीत सगळ्यात खालचं घर आमचं. घरात माणसं दोनच, मावशी आणि त्यांची लेक. मावशी म्हणजे अख्ख्या गल्लीच्या मावशी. चाळीस वर्षं त्यांनी इथल्या लहानथोरांचे कपडे शिवले. कोणाची कंबर कधी किती वाढली, हे डॉक्टरपेक्षा त्यांना जास्त ठाऊक. लेक बेकरीत कामाला आहे. सकाळी जाते आणि दुपारी कोपरापर्यंत पिठाने पांढरी होऊन येते.

मला घडवलं कोपऱ्यावरच्या मिस्त्रींनी, ऐन उन्हाळ्यात. वखारीत वर्षानुवर्षं वाळलेल्या फळ्या त्यांनी हात फिरवून निवडल्या आणि मला चौकटीत असं चपखल बसवलं की मधून कागद सरकेना. दोन पावलं मागे जाऊन ते म्हणाले, "याला म्हणतात काम!" त्या वाक्याने माझ्या डोक्यात हवा गेली. त्या चपखलपणाचा मला कितीतरी वर्षं गर्व होता. हाच गर्व पुढे घराच्या मुळावर येणार होता, हे तेव्हा मला काय कळणार?

दरवाज्याला माणसं फार जवळून दिसतात. बेल समोर असली तरी ती दारच वाजवतात. कुलूप लावून चार पावलं गेली की परत येतात आणि ओढून बघतात. राग कोणाचाही असो, आपटतात आम्हाला. मी कधी तक्रार केली नाही. (कुरकुर केली असेल, तीही बिजागऱ्यांची.)

सहा वर्षांपूर्वी मावशी मोरीत पाय घसरून पडल्या. कण्याला मार बसला आणि कंबरेखालचं अंग गेलं. लेकीने त्यांची खाट पुढच्या खोलीत माझ्या समोर मांडली, म्हणजे येणारंजाणारं माणूस तरी दिसेल. तेव्हापासून आम्ही दोघं दिवसभर समोरासमोर. मला घडवलं मिस्त्रींनी, पण ओळखलं मावशींनी. पाऊस लागला की माझं लाकूड पाणी पिऊन फुगतं, मी चौकटीत अडकतो आणि लेकीला खांदा लावून मला ढकलावं लागतं. मावशी खाटेवरून म्हणायच्या, "रुसला बघ पुन्हा. चार महिने आता असाच तोंड फुगवून बसेल."

आता पाण्याचं सांगतो. पूर्वी नदी गल्लीत यायची ती पिढीतून एकदा, आणि म्हातारी माणसं तिच्या आठवणी सांगायची. हल्ली पावसाचं ताळतंत्रच सुटलंय. महिनाभर थेंब नाही आणि मग महिन्याचा पाऊस दोन दिवसांत. तीन वर्षांपूर्वी असंच पाणी आलं. मावशींची खाट माझ्यातून बाहेर निघेना, म्हणून चौघांनी त्यांना चादरीत घालून उचललं. गल्लीत चादर फाटली. मावशी पाण्यात पडल्या आणि त्यांचा खांदा निखळला. लेक तेव्हा ज्या आवाजात ओरडली, तो मी अजून विसरलेलो नाही.

खांदा बसला, पण मावशींच्या मनाने वेगळंच घेतलं. पुढच्या पावसाळ्यात ढग दाटले की त्या लेकीला म्हणायच्या, "पाणी आलं तर मला सोडून तू जा. माझं काय राहिलंय आता?"

लेक भाकरी थापता थापता मागे न वळता म्हणायची, "मी नाही जायची." आणि विषय संपायचा. पण ती खरंच जाणार नव्हती, हे मला माहीत होतं आणि मावशींनाही. म्हणजे मावशी अडकल्या तर दोघीही अडकणार. काळजी होती ती याची.

गल्लीच्या नशिबाने त्यानंतरच्या उन्हाळ्यात दवाखान्यात नवीन सिस्टर आल्या. चणीने बारीक, आवाज मात्र खणखणीत. त्यांनी घरोघरी फिरून एकच प्रश्न विचारला, "तुमच्याकडे स्वतःच्या पायाने वर चढू न शकणारं कोण आहे?" मग पुलाच्या खांबावर लाल पट्टा रंगवून घेतला. पाणी पट्ट्याला टेकलं की पुलावरच्या पंक्चरवाल्याने शिट्टी फुंकायची आणि सगळ्यांनी वरच्या शाळेत जायचं. या पंक्चरवाल्याला गल्ली टायर म्हणते. धंद्यामुळे की पोटामुळे, ते त्यालाच विचारा. शिट्टीपासून आमच्या उंबरठ्यापर्यंत पाणी यायला अर्धा तास लागतो, असा सिस्टरांचा हिशोब होता.

"मावशींना न्यायचं कशावर?" सिस्टरांनी विचारलं. मिस्त्रींनी माझ्यावरून वरपासून खालपर्यंत हात फिरवला. मग म्हणाले, "दारच काढू की! बिजागऱ्यांत नुसत्या सरकवायच्या सळ्या घालतो. तीन सळ्या उपसल्या की दार हातात. त्याच्यावर मावशींना निजवायचं आणि चौघांनी उचलायचं."

मी हबकलो. जन्मभर उभा राहिलेला मी, मला आडवं करणार?

पहिली तालीम झाली एका लख्ख कोरड्या सकाळी. "मावशींना कशाला उगाच त्रास?" म्हणून त्यांच्या जागी टायर माझ्यावर आडवा झाला. सळ्या भराभर निघाल्या. पण मी बसतो चौकटीच्या खाचेत, आतली मोकळी जागा माझ्यापेक्षा बोटभर अरुंद, म्हणून मला तिरकं करावं लागलं, आणि टायर घसरून थेट उंबरठ्यावर आदळला. सगळी गल्ली पोट धरून हसली. मावशीही हसल्या, पण हसता हसता त्यांनी लेकीला टेप आणायला सांगितला. दोन दिवसांत त्यांनी पडून पडूनच जाड कापडाचे तीन पट्टे शिवले, छातीला, कंबरेला आणि पायांना. दुसऱ्या तालमीत टायर पट्ट्यांत बांधलेला, मजेत हात हलवत शाळेपर्यंत गेला. सिस्टरांनी घड्याळ बघितलं. "अकरा मिनिटं. शाब्बास!"

सगळे खूश. मीही खूश. मावशींनी मात्र खाटेवरून विचारलं, "आणि पावसात?"

"पावसात काय मावशी, दार तेच, माणसं तीच," मिस्त्री म्हणाले.

"दार तेच नसतं हो. पावसात ते फुगतं."

"माझं काम आहे ते. वीस वर्षं झाली, जागचं हललेलं नाही." मिस्त्री हसले आणि हत्यारं गोळा करून गेले. खरं सांगतो, मलाही मावशींचा रागच आला. आपलं काम चोख असताना कोणी खोट काढली की कोणाला आवडतं?

पाऊस लागला. तिसऱ्या आठवड्यात लेकीने मला खांदा लावायला सुरुवात केली, तशी मावशींनी तिला पाठवून मिस्त्री, सिस्टर आणि टायर तिघांनाही भर पावसात बोलावून घेतलं. तिघे निथळत आले.

"आज काढा दार," मावशी म्हणाल्या. "आणि आज टायर नको. आज मी."

"मावशी, अहो, पाऊस बघा किती आहे," मिस्त्री म्हणाले.

"नदी काय ऊन बघून येणार आहे?"

मिस्त्रींनी पहिली सळी ओढली. हलली नाही. फुगून मी सगळा भार बिजागऱ्यांवर टाकला होता, त्यात सळ्यांना गंज चढलेला. त्यांनी हातोडा घेतला. टायरने मला उचलून धरायचा प्रयत्न केला, तोंड लाल होईपर्यंत. मी मनातून म्हणत होतो, सूट, सूट की रे! पण लाकूड कोणाचं ऐकतं? शेवटची सळी निघाली तेव्हा सिस्टरांनी घड्याळ बघितलं. चाळीस मिनिटं झाली होती.

पाणी यायला तीस.

माझी तर लाजेने मान खाली गेली असती, मान असती तर. ज्या बाईने मला आपल्या घरी उभं केलं, तिच्या आणि शाळेच्या मध्ये मीच आडवा आलो असतो. शेवटी मिस्त्री खाटेपाशी खाली बसले. "चुकलं माझं, मावशी. मी दार उन्हाळ्यात मापलं."

"अहो, मी पोटुशी बाईचं माप घेतलं तर पुढच्या दोन महिन्यांचं कापड आत दुमडून ठेवते," मावशी म्हणाल्या. "तुम्ही लाकडाला पावसाची जागा सोडलीच नाहीत."

मिस्त्रींनी तिथल्या तिथे रंधा काढला. माझ्या कडेवरून लाकडाची पातळ वेटोळी सुटून जमिनीवर पडत होती. मला वेदना झाली, खोटं कशाला बोलू? वीस वर्षांचा गर्व होता तो, काडीभर रुंदीचा. मग त्यांनी गंजक्या सळ्या फेकून पितळी सळ्या घातल्या आणि त्यांना मनसोक्त तेल पाजलं. त्याच दिवशी मावशी पहिल्यांदा स्वतः माझ्यावर आडव्या झाल्या. "डोक्याखाली उशी लागेल," म्हणाल्या. "आणि पायाचा पट्टा टायरच्या मापाचा आहे, माझ्यातून निघून जातो." या दोन गोष्टी टायरच्या पाठीला कधी कळल्याच नसत्या.

त्यानंतर सतराव्या दिवशी, भर दुपारी, शिट्टी वाजली.

लेक नुकती घरी आली होती, हात अजून पांढरे. सिस्टर धावत आल्या, पुलावरून टायर धापा टाकत आला, शेजारचे पोस्टमन पिशवी टाकून आले. मिस्त्री कामासाठी नदीपलीकडे गेलेले, आणि पूल तोवर बंद झालेला. पण आता मिस्त्रींची गरजच नव्हती. लेकीने पहिली सळी ओढली. निघाली. दुसरी निघाली. तिसरीला बोटं घसरली, पिठाची होती ना. तिने हात ओढणीला पुसला आणि पुन्हा ओढली. मी अलगद सुटलो. वीस वर्षांत इतकं हलकं मला कधी वाटलं नव्हतं.

उशी, पट्टे, तिरकं करा, सांभाळून, उंबरठा! मावशी माझ्यावरूनच सगळ्यांना सूचना देत होत्या. गल्लीत घोट्याइतकं पाणी होतं. चढावर टायरचा पाय एकदा घसरला, मी एका बाजूला कललो, मावशींची बोटं माझ्या कडेत रुतली, पण पट्टे धरून राहिले. शाळेच्या व्हरांड्यात मला चार बाकांवर टेकवलं. सिस्टरांनी घड्याळ बघितलं. तेरा मिनिटं.

लेक जमिनीवर बसली आणि तिला रडू आवरेना. मावशींनी एक हात तिच्या डोक्यावर ठेवला आणि दुसऱ्या हाताने मला थोपटलं. "शहाणा रे माझा," त्या म्हणाल्या. आयुष्यात मला कोणी वाजवलं, आपटलं, ढकललं; थोपटलं ते फक्त त्या दिवशी.

तीन दिवस मी मावशींचा पलंग होतो. घरात पाणी कंबरेइतकं चढून उतरलं. मग चिखल काढला, भिंती धुतल्या आणि मिस्त्रींनी मला पुन्हा चौकटीत बसवलं. जाताना त्यांनी माझ्या रंधलेल्या कडेवरून अंगठा फिरवला.

आता गल्लीतल्या सात घरांच्या दारांना तशाच सळ्या आहेत. तालीम पावसातच होते, आणि ज्याला न्यायचं तोच माणूस दारावर आडवा होतो. टायर बिचारा बेकार झाला.

उन्हाळ्यात माझ्या कडेला फट पडते आणि वारा आत येतो. मिस्त्रींनी एकदा पट्टी मारून देतो म्हटलं. "राहू द्या," मावशी म्हणाल्या. "शिलाईत सोडलेली जागा आहे ती."

तुमच्या गल्लीतही कोणी दिवसभर एकाच जागी पडून असेल. त्यांना उगाच त्रास नको म्हणून त्यांना वगळू नका. घराची खोड त्यांच्याइतकी कोणालाच ठाऊक नसते. माझं काय, माझं पोट भरलंय. मिस्त्रींनी मला उभं केलं, मावशींनी मला ओळखलं, आणि एका दुपारी चार माणसांनी मला उचलून कामाचं केलं. एका दरवाज्याला आणखी काय हवं?

आज सकाळपासून पुन्हा ढग दाटलेत. पूर्वी असे ढग आले की मावशी लेकीला म्हणायच्या, "मला सोडून जा."

आत्ताच त्यांनी खाटेवरून हाक मारली, "अगं, सळ्यांना तेल घाल."