चावी कुणी दिली

लाँड्रीवालीच्या नवऱ्याने दारू पिऊन व्हॅन शाळेच्या कुंपणावर घातली आणि पोलिसांनी ती जप्त केली. नवरा दुसऱ्याच दिवशी जामिनावर घरी आला, पोटभर जेवला आणि घोरत पडला. व्हॅन मात्र सुटेना. ती लाँड्रीवालीच्या नावावर होती आणि तिच्यातूनच इस्पितळाच्या चादरी यायच्या-जायच्या. सोमवारी गाडी दारात दिसली नाही, तर काम दुसऱ्याला देऊ, असं इस्पितळाने तोंडावर सांगितलं होतं.

कोर्टाच्या व्हरांड्यात तिचा वकील म्हणाला, "गाडी तुमच्या नकळत नेली, एवढंच सांगा."

"म्हणजे माझा मुलगा चोर?" सासूबाई उसळल्या. "हिनेच दिली म्हणावं. बायकोने नवऱ्याला गाडी दिली, त्यात कुणाचं काय गेलं?"

"पिणाऱ्याच्या हाती गाडी दिली म्हणून यांच्यावरही गुन्हा लागेल, आजी. गाडी तर विसराच."

"लागला तर लागला हिच्यावर."

नवरा खिडकीतून बाहेर बघत होता. बाहेर बघण्यासारखं काहीच नव्हतं. लाँड्रीवालीच्या तळपायाची आग मस्तकात गेली. सासूपेक्षा तिला त्या खिडकीचाच जास्त राग आला.

आत सरकारी वकिलाने नेमकी दुखरी जागा धरली. "नकळत नेली म्हणता. मग चावी त्यांच्या हाती आली कशी? तुम्हीच दिली ना?"

होय म्हणावं तर आपण अडकतो, नाही म्हणावं तर नवरा चोर. इकडे आड, तिकडे विहीर. तिने सरळ न्यायाधीशबाईंकडे पाहिलं.

"चावी मी धुण्याच्या सोड्याच्या डब्यात पुरून ठेवते, मॅडम. आमचे हे सगळं घर धुंडाळतात, पण त्या डब्याला हात लावत नाहीत. कामाचा डबा आहे तो."

"मग काढली कुणी?"

"सासूबाईंनी. मी मागे इस्त्री करत होते. गाडीचा आवाज आला म्हणून धावत आले, तर सासूबाईंचा हात कोपरापर्यंत पांढरा."

मागच्या बाकावरून सासूबाई ताडकन उठल्या. "दिली मी! प्यायला होता, पण लेकरू आहे माझं. त्याने मागितली, मी दिली. आईने द्यायची नाही तर कुणी द्यायची?"

तिच्या वकिलाने कपाळावर हात मारला. न्यायाधीशबाई शांतपणे लिहीत राहिल्या. नवऱ्याला पुन्हा चालवायला देणार नाही, अशा हमीवर व्हॅन लाँड्रीवालीच्या ताब्यात द्यायचा हुकूम झाला.

दाराशी हवालदाराने सासूबाईंना अडवलं. "आजी, तुमचाही जबाब लागेल. पूर्ण नाव, पत्ता सांगा."

सासूबाईंचा चेहरा पांढराफटक पडला. मुलगा केव्हाच जिना उतरून गेला होता. त्यांनी सुनेचा दंड धरला आणि आयुष्यात पहिल्यांदा मऊ आवाजात म्हणाल्या, "सूनबाई, तू सांग ना गं यांना. आपलं माणूस आहेस."

सुनेने सांगितलं. नाव सांगितलं, पत्ता सांगितला, हवालदाराने विचारलं नव्हतं तरी वयही सांगितलं. मग दंड सोडवून घेतला आणि गाडी आणायला गेली.