हसाजींची अर्धी करंगळी

वासंतीअक्कांना हौस दांडगी. हौस असावी हो, नाही कोण म्हणतं? पण काही करायच्या आधी माणसानं कुणाला तरी विचारावं. अक्कांनी विचारलं नाही आणि व्हायचं ते झालं.

गोष्ट पंच्याण्णव सालची. अक्कांच्या सासरचं, मुतालिकांचं घराणं बेंगळुरात पिढ्यान्‌पिढ्यांचं, पण नवरा गेल्यावर अक्का मुलाकडे, प्रणीतकडे, तिथल्याच जे. पी. नगरात राहत. धाकट्या दिरांनी घर बदललं तेव्हा कपाटामागचं एक जुनं चित्र अक्कांना आणून दिलं. अक्कांच्या नवऱ्याची पणजी. नाकात नथ, मांडीवर हात, आणि नजर अशी की तिच्यासमोर दुसऱ्यांदा भात वाढून घ्यायची चोरी! पण चित्रावर काजळी बसलेली, आणि डाव्या हाताची करंगळी अर्धीच. मधल्या पेरापुढं नुसतं कोरं कापड.

"चितारी कामचुकार असणार मेला," अक्का म्हणाल्या, आणि चित्र उचलून शिवाजीनगरात कृष्णातकडे देऊन आल्या. कृष्णात मूळचा कोल्हापूरचा. सिनेमाचे बोर्ड रंगवायचा, हात चांगला होता. "धूळ काढ, आणि ती करंगळी तेवढी पुरी करून टाक. स्वल्प नीट कर, हं," असं त्याला अर्ध्या कानडीत बजावून अक्का खुशीत घरी आल्या.

दोन-चार दिवसांनी सिम्हाचा फोन आला.

सिम्हा थळकर ही अक्कांची टेलिफोन एक्स्चेंजमधली मैत्रीण. बेने इस्रायली, म्हणजे कोकणातल्या, मराठी बोलणाऱ्या ज्यूंपैकी. दोघींनी सगळी नोकरी शेजारीशेजारी बसून केली, एकमेकींचे डबे खाल्ले, एकमेकींच्या सासवांना नावं ठेवली. आता काचबिंदूनं सिम्हाची नजर पार गेली होती आणि मुलगा तिला कायमचं इस्रायलला न्यायला आला होता.

"वासंती, तुझ्याकडे मुतालिकांच्या कुणा बाईचं चित्र आलंय म्हणे? प्रणीत बोलला परवा."

"आलंय की. का गं?"

"अगं, ते माझ्या पणजोबांच्या हातचं असेल!"

आणि मग तिनं जे सांगायला सुरुवात केली ते ऐकता ऐकता अक्का खुर्चीत बसल्याच.

पणजोबांचं नाव हसाजी थळकर. घराणं शनिवारी घाणा बंद ठेवणाऱ्या तेल्यांचं. बाप पलटणीत सुभेदार, त्यामुळे पोर इथं बेंगळूरच्या छावणीत वाढलं आणि तिथंच एका साहेबाच्या मडमेकडून रंग कालवायला शिकलं. बाप म्हणाला बंदूक धर, यानं कुंचला धरला. पुढं गोऱ्यांच्या बंगल्यात आणि पेठेतल्या मराठी घरांत त्यानं तसबिरी काढल्या. शनिवारी मात्र राजानं बोलावलं तरी कुंचल्याला हात लावणार नाही. अशात मुंबईहून आलेल्या काजींनी, म्हणजे त्यांच्या धर्मातल्या वडीलधाऱ्यांनी, त्याला चारचौघांत झापलं. "माणूस घडवणं हे देवाचं काम. तू कोण लागून गेलास?" हसाजी ढसाढसा रडला म्हणे. पण चित्रं सुटेनात. मग त्यानं देवाला शब्द दिला की एकही माणूस पुरा करणार नाही. प्रत्येक चित्रात डाव्या करंगळीचं टोक सोडायचं. सही त्यानं कधी केलीच नाही. ते कोरं कापड हीच त्याची खूण.

"प्लेगात ते गेले आणि लोकांनी भीतीपोटी घरातलं सगळं जाळलं, चित्रंसुद्धा," सिम्हा म्हणाली. "बाकीची काही विलायतेला गेली, काही वाळवीनं खाल्ली. मुतालिकांकडे एक आहे, असं आमचे बाबा मरेपर्यंत सांगायचे. वासंती, तिकडं मला कोण ओळखतंय गं? जायच्या आधी आपल्या माणसाच्या हातचं काहीतरी एक या हाताला लागू दे."

"सिम्हा, अगं ऐक..."

"एक अक्षर बोलू नकोस! तू हो म्हणशील ते माझ्या समाधानासाठी म्हणशील. मी काय तुला ओळखत नाही? डॉक्टरांनी हात टेकले तरी 'येईल गं नजर, येईल' म्हणत होतीस. गोड खोटं बोलण्यात तुझा हात कुणी धरणार नाही. रविवारी येते. मी बोटानं बघीन." आणि फोन ठेवलासुद्धा.

अक्कांच्या पाचावर धारण बसली. पायात चपला सरकवल्या आणि ऑटोवाल्याशी घासाघीस न करता शिवाजीनगर गाठलं. हे त्यांनी जन्मात पहिल्यांदा केलं.

कृष्णातनं मोठ्या कौतुकानं चित्र पुढं केलं. करंगळी पुरी. वर नखसुद्धा, गुलाबी! "आपला बोर्डाचा रंग, अक्का. लगेच वाळतो."

"पूस! आधी पूस ते!"

त्यानं टर्पेंटाइनचा बोळा फिरवला. नवा रंग कोऱ्या कापडानं पिऊन टाकलेला, तो हलेना. शेजारच्या बोटाचा जुना रंग मात्र बोळ्याला लागला.

"थांब, थांब!" अक्का किंचाळल्या.

"अजून घासलं तर अख्खा हात जाईल, अक्का," कृष्णात कावराबावरा होऊन म्हणाला. "माझं काय चुकलं?"

त्याचं काय चुकणार? करायला गेल्या गणपती आणि झाला मारुती, तोही स्वतःच्याच हौसेनं. अक्का चित्र पोटाशी धरून घरी आल्या. रात्रंदिवस एकच घोकत राहिल्या, सांगून टाकीन, आल्या आल्या सांगून टाकीन.

रविवारी मुलानं सिम्हाला दारात सोडलं. ठेवणीतली साडी, केसात अबोली. कॉफी नको म्हणाली. आधी हात धुतले, पदराला पुसले.

"सिम्हा, आधी माझं ऐकून घे..."

"श्शू! ने मला." चित्राजवळ गेल्यावर ती हसली. "साफ केलंस वाटतं? वास येतोय."

तिची बोटं चौकटीवरून खाली उतरली. कोपर, बांगड्या, मनगट, मग बोटं एकेक करून. करंगळीवर येऊन थांबली. परत मागं गेली, परत आली.

"हा डावाच ना गं हात?"

"डावाच," अक्का कशाबशा म्हणाल्या.

सिम्हानं हात मागं घेतला. तिचा चेहरा बघवेना.

"पुरी आहे," ती म्हणाली. "त्यांचं नव्हे हे. दुसऱ्याच कुणाचं."

"त्यांचंच आहे! सिम्हा, करंगळी अर्धीच होती गं! मीच मूर्खानं पुरी करून घेतली, तुझा फोन यायच्या आधी. कृष्णात म्हणून आहे शिवाजीनगरात, त्यानं रंगवली. त्याला बोलावते. प्रणीतला विचार, त्यानं पाहिलीय!"

सिम्हानं चाचपडत अक्कांचा गाल शोधला आणि थोपटला. "त्या दोघांनाही पढवून ठेवलंस होय? किती गं धडपड माझ्यासाठी!"

"तुझी शपथ! माझ्या प्रणीतची शपथ!"

"अय्यो, पोराची शपथ कशाला घेतेस, वेडे?" सिम्हाच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ती हसत होती. "तुझं खोटं मला नेहमीच बरं वाटत आलंय. आजही वाटलं. चल, आता कॉफी कर."

अक्कांनी आयुष्यात पहिल्यांदा इतकं निखळ खरं सांगितलं होतं आणि ते असं थोपटून परत केलं गेलं. कॉफी उतू गेली. अक्का ओट्याशी उभ्या राहून पदर तोंडात कोंबून रडल्या.

जाताना, न्यायला आलेल्या मुलाशेजारी ऑटोत बसल्यावर सिम्हा म्हणाली, "चित्र जपून ठेव हो. ज्या कुणाचं असेल, हात चांगला होता त्याचा."

"हसाजींचंच आहे!" ऑटो निघाली तशा अक्का फाटकातून ओरडल्या. "सिम्हा, हसाजींचंच आहे गं!"

समोरच्या दुकानदारानं मान वर करून पाहिलं. सिम्हानं हसून हात हलवला, अक्का नव्हत्या त्या बाजूला.