हर्जोनोचा उरलेला प्रसंग

कायझर्सलाउटर्नच्या एका संस्थेत क्रांती जुन्या फिल्म्स दुरुस्त करायची. २०१४ मध्ये तिच्याकडे हर्जोनोची फिल्म आली. इंडोनेशियाच्या सुरुवातीच्या बोलपटांचा हा नायक. जपानी सैन्य आलं, स्टुडिओ बंद पडले आणि तो बेपत्ता झाला. त्याच्या साऱ्या कामातला एवढाच प्रसंग उरला होता, तोही आवाजाविना.

जर्मनीतच राहणारी त्याची म्हातारी मुलगी सिती तो बघायला आली. पडद्यावर तरुण हर्जोनो दारात वळला, त्याचे ओठ हलले.

"काय म्हणतायत?" क्रांतीने विचारलं.

"'आलोच मी.' घरातून जातानाही हेच म्हणाले होते."

पडदा पांढरा झाला, तरी सिती उठेना.

"थांब जरा," ती कुजबुजली, "येतील ते."

क्रांतीही मग तिच्या शेजारी बसून राहिली.