समितीसाठी ठेवलेला कुत्रा

कीव्हच्या स्टुडिओत दिग्दर्शक ज्याला 'कुत्रा' म्हणत, तो भुंकत नसे. तो चित्रपटात मुद्दाम घुसवलेला आक्षेपार्ह प्रसंग असे. सोव्हिएत सेन्सॉरच्या समितीनं तो पाहून भडकावं, कापावा आणि कर्तव्य बजावल्याच्या समाधानात बाकीचा चित्रपट सोडून द्यावा. झेनोन ह्रिनेविचच्या पंधरा वर्षांच्या कारकिर्दीत चार चित्रपट आणि तितकेच कुत्रे झाले होते. पाचव्याच्या पटकथेत त्यानं कुत्रा आधी लिहिला, मग नायक.

या खेपेचा कुत्रा म्हणजे शूटिंगच्या गावातली सत्तरीची तेक्ल्या आजी. तिला फाटकाशी उभं करून त्यानं येशूजन्माचं गाणं म्हणायला लावलं. "आजी, हाच चित्रपटाचा जीव," असंही सांगितलं. आजीनं त्यासाठी पेटीतून लग्नातला भरतकामाचा सदरा काढला.

खरा जीव चौथ्या रिळात होता. शेताच्या कडेला गप्प उभ्या बायका, तीन मिनिटं. भुकेच्या सालात, सरकारनं धान्य उचलून नेल्यावर मेलेली माणसं तिथंच पुरलेली. साऱ्या गावाला ठाऊक, बोलत कुणीच नव्हतं.

समितीचे अध्यक्ष बुर्लाचेंको गाणं ऐकून विरघळले.

"माझी आई म्हणायची हे. राहू द्या." मग त्यांनी वहीचं पान उलटलं. "आता त्या चौथ्या रिळातल्या बायका. कशाला उभ्या आहेत हो त्या?"



"कॉम्रेड," झेनोन घाईनं म्हणाला, "मला त्या गाण्याचीच टोचणी आहे. जुन्या धार्मिक समजुतींचे अवशेष आहेत त्यात. म्हातारीनं माझ्यावर लादलं."

अध्यक्षांनी डोळे पुसले आणि वहीत लिहिलं. "म्हातारीचं नाव? गाव?"

त्यानं दोन्ही सांगितलं. गाणं कापलं गेलं, बायका वाचल्या.

वसंतात कीव्हमध्ये पहिला खेळ झाला. तेक्ल्या आजी सहा शेजारणींना घेऊन बसनं आली, तोच सदरा घालून. दोन तास ती पडद्यावर स्वतःला शोधत राहिली. खेळ संपल्यावर झेनोन मागच्या दारानं सटकत होता, तिथंच तिनं त्याला गाठलं.

"पोरा, माझ्यापायी तुला फार बोलले असतील ना? मलाही कचेरीत बोलावलं होतं. मी सांगितलं, कुणी शिकवलं नाही, कॅमेरा दिसला आणि माझं तोंड सुटलं. तुझं नाव नाही घेतलं हो."

"मग? काय केलं त्यांनी?"

"करतात काय! परसबाग नांगरायला यंदा सामूहिक शेतीचा घोडा नाही म्हणाले. खणतेय कुदळीनं. बटाटे काय, उशिरा येतील."

झेनोननं तिच्या हातांकडे पाहिलं. तळव्यांना चिंध्या गुंडाळल्या होत्या.

"आजी, ते गाणं कापायलाच घेतलं होतं. समिती ठेवत होती, मीच कापायला लावलं. तुमचं नावही मीच दिलं. त्या शेतातल्या बायका वाचाव्यात म्हणून."

आजीनं सुटलेली चिंधी पुन्हा तळव्याला गुंडाळली.

"माझी दोन लेकरं आहेत त्या शेतात," ती म्हणाली. "आधी सांगितलं असतंस, तर आणखी मोठ्यानं म्हटलं असतं. विचारायचंस तरी, मेल्या."

रस्त्यावरून शेजारणी ओरडल्या, "अगं तेक्ल्या, बस सुटते!" ती चिंध्यांचे हात सावरत निघाली.

आत दिग्दर्शकाच्या नावानं टाळ्या चालू होत्या. त्याला मंचावर बोलावत होते. तो गेला आणि वाकून नमस्कारही केला. पंधरा वर्षांत अंगवळणी पडलं होतं.