बोगद्यापाशी बंद पडणारा मी

मी एक जुना, हातात मावणारा गेम कन्सोल बोलतोय, आणि आधीच सांगून टाकतो, मी मत्सरी आहे. भारी मत्सरी. घरात कुणासाठी नवा चार्जर आला तरी माझ्या पोटात दुखतं. यंत्राला मन नसतं म्हणतात. बरं बाबा, नसेल. मग आत जळतं ते काय? बॅटरी म्हणाल, तर ती आजवर तीनदा बदलून झाली.

माझा पहिला मालक बोटीवर कामाला होता. समुद्रावर वर्षभर खेळून त्याने माझी बटणं गुळगुळीत केली आणि गोव्यात उतरल्यावर मला डिचोलीला विशालच्या दुकानात विकून टाकलं. विशाल मोबाइल दुरुस्त करतो. त्याने माझं कंपनीचं सॉफ्टवेअर काढून दुसरं घातलं, उजव्या कडेच्या खाचेत मोठं मेमरी कार्ड बसवलं आणि सगळे गेम त्या कार्डावर चढवले. याला ते लोक मॉड करणं म्हणतात. मला कुणी विचारलं नाही, पण खोटं कशाला बोलू, मी त्यानंतर जास्त ऐटीत राहू लागलो.

तिथून मला गौरवी गवसने घेतलं. ती तेव्हा कॉलेजात होती. पाळी या तिच्या गावाहून डिचोलीला बसमध्ये जाताना-येताना मी तिच्या हातात असायचो. शेजारच्या बायका वाकून बघायच्या. काय दिवस होते! मग तिला नोकरी लागली, रक्ततपासणीच्या लॅबमध्ये, आणि पहिल्याच महिन्यात घरात आला तिचा मोबाइल. सडपातळ, चकचकीत, दिवसभर तिच्या कानाला चिकटलेला. मी गेलो खणात, मोजपट्टी आणि डब्याच्या एका झाकणाशेजारी. त्या झाकणाचा डबा कधीच हरवला होता, तरी कुणीतरी रोज विचारायचं, झाकण कुठे आहे? माझ्याबद्दल सहा वर्षांत कुणी विचारलं नाही. झाकणाचाही हेवा करावा लागला, बघा.

मला बाहेर काढलं ते बाबांच्या दुखण्याने. बाबा म्हणजे गौरवीचे वडील अनंत गवस. माणूस मूळचा दोडामार्गकडचा, खाणीवर टिप्पर, म्हणजे खनिजाचा ट्रक, चालवायला पाळीला आला आणि इथलाच झाला. खाण बंद पडल्यावर टिप्पर विकला, मग दुसऱ्यांच्या गाड्या चालवल्या. दोन वर्षांपूर्वी एका सकाळी अर्धांगाचा झटका येऊन त्यांचा उजवा हात लुळा पडला. बोलणं सुधारलं, पाय सुधारला, हात मात्र आखडूनच राहिला.

त्या हातापेक्षा जास्त दुखायची ती जेवणाची वेळ. डाव्या हाताने जेवताना कुणी बघू नये म्हणून बाबा सगळ्यांचं झाल्यावर ताट घेऊन मागल्या दारी जाऊन बसायचे. त्यांची बायको सत्यवती म्हणायची, "चमच्यान जेवा. कोण हसतला?"

"चमच्यान बांगड्याचे काटे काढून दाखव माका," बाबा म्हणायचे, आणि ताट उचलायचे.

अशात गौरवीचं लग्न ठरलं. मुलगा केरीचा, योगेश. साखरपुडा तुळशीच्या लग्नानंतर, मुलीच्या घरी. बाबांनी त्याच दिवशी सांगून टाकलं, "व्याह्यांच्या पंगतीत मी बसान तर उजव्या हातान. नाय तर बसूचंय नाय." गौरवी त्या रात्रीचं जेवण न जेवता झोपली, एवढं मला खणातून कळलं.

फिजिओ बाईंनी बाबांना एक रबरी चेंडू दिला होता, दाबायला. पिवळा, मऊ, ठार बिनडोक. बाबा तो दहा वेळा दाबायचे आणि कॉटखाली भिरकावून द्यायचे. बाई म्हणाल्या, अंगठा हलायला हवा, काहीतरी आवडीचं द्या. तेव्हा गौरवीला मी आठवलो. माझ्यात घाटातून ट्रक पळवायचा एक गेम आहे. तिने तो लावून मला बाबांच्या हातात दिला. बाबांनी मला उलटसुलट करून बघितलं आणि म्हणाले, "गियर खय असा ह्येका?"

तिथून मी बाबांचा झालो. मे महिन्यात त्यांचा अंगठा बटणापर्यंत पोचत नव्हता, डाव्या हाताने उचलून ठेवावा लागायचा. गणपतीच्या चवथीपर्यंत तो आपला आपण पोचू लागला. नवरात्रात आमचा ट्रक दरीत न पडता बोगद्याच्या तोंडापर्यंत गेला. चेंडू कॉटखाली धूळ खात होता आणि मी त्याच्याकडे मुद्दाम बघत होतो.

मग आली खंडेनवमी. हा सण म्हणजे माझी जुनी ठसठस. टिप्पर होता तेव्हा त्याला झेंडूच्या माळा असत म्हणे. गेल्या वर्षी स्कूटरची पूजा झाली, शिवणयंत्राची झाली, कोयत्याची झाली, नारळ किसायच्या आदोळीलाही फूल मिळालं. मी खणाच्या फटीतून बघत होतो. अंगाचा नुसता तिळपापड!

या वर्षी सत्यवतीने आरतीचं ताट घेतलं आणि स्कूटरला वळसा घालून सरळ माझ्याकडे आली. "टिप्पर होतो तेवा टिप्पराक पुजला," ती बाबांना म्हणाली. "आता तुमच्या हातात ह्यो असा. ज्येच्यार हात चालता त्येचीच पूजा." तिने पिंजर, म्हणजे कुंकू, तेलात कालवली होती. अंगावर हळद लावली, वर पिंजर ओढली, कडांनाही लावली, अक्षता टाकल्या, हात जोडले. एवढी सढळ पूजा तिने टिप्पराचीही केली नसेल. माझं ऊर भरून आलं. मी स्कूटरकडे असं काही बघितलं की विचारू नका.

दुसऱ्या दिवशी दसरा. बाबा खेळायला बसले, ट्रक बोगद्यापाशी आला, आणि माझा पडदा काळा झाला. आवाज किरकिरला आणि मी बंद पडून पुन्हा सुरू झालो. बाबांनी परत सुरुवातीपासून घाट चढवला. बोगदा, आणि काळा पडदा. दिवसभरात अकरा वेळा.

सत्यवती म्हणाली, "कोणाची तरी दिष्ट लागली." मीठमिरच्या घेऊन तिने माझ्यावरून उतरवल्या. आता काय सांगू तिला? या घरात दुसऱ्याचं बघून जळणारा मी एकटाच. माझी दिष्ट मलाच कशी लागेल?

गौरवी लॅबमधली मुलगी. तिने वही काढली. एका वेळी एकच बदल करायचा, बाबांना खेळायला द्यायचं आणि लिहून ठेवायचं, ही तिची पद्धत. आधी बाबांचा सेव्ह केलेला खेळ लॅपटॉपवर काढून ठेवला. मग विशालने वाढवून ठेवलेला माझा वेग कमी केला. बंद पडलो. विशालने घातलेले जास्तीचे प्लगइन काढले. बंद पडलो. गेम पुसून नव्याने चढवला. बंद पडलो. बॅटरी बदलली, तरी तेच. विशालने फोनवर सांगितलं, कार्ड खराब, फॉरमॅट मार. तेही केलं, नंतर नवीन कार्डही घातलं. छे!

आणि गंमत अशी की गौरवीच्या हातात मी बंद पडतच नव्हतो. तिने तो बोगदा वीस वेळा पार केला. बाबांनी घेतलं की पहिल्याच फेरीला काळोख.

खरं सांगू? पहिले चार दिवस मला मजा वाटली. गौरवी लॅबमधून आली की मला घ्यायची, मोबाइल पालथा पडून असायचा. सहा वर्षांचा सूड निघत होता. मी मनात म्हणत होतो, असंच चालू दे.

पाचव्या दिवशी बाबांनी मला टीपॉयवर ठेवलं आणि गौरवीला म्हणाले, "नको गो बाय माका ता. तुझ्या हातात चलता, माझ्या हातात मोडता. ह्यो हातच वायट."

"बाबा, तसा नाय."

"तीस वर्सां टिप्पर चालवलंय ह्या हातान. आता खेळणा पण सोसणा नाय." त्यांनी उजवा हात मांडीवर डाव्या हाताखाली दडपून ठेवला. चेंडूही मागितला नाही. दुसऱ्या दिवशी मला हात लावला नाही, तिसऱ्या दिवशीही नाही. अंगठा पुन्हा आत वळू लागला. साखरपुडा चार आठवड्यांवर आला होता. तेव्हा मला माझीच लाज वाटली. ओरडून सांगावंसं वाटत होतं, पण मला कोण बोलू देणार?

रविवारी गौरवी बाबांशेजारी येऊन बसली. "एकदाच खेळा. माका स्क्रीन बघूची नाय, तुमचो हात बघूचो असा."

"हात काय बघतंस?"

"खेळा तर."

बाबांनी नाइलाजाने मला धरलं. घाट सुरू झाला. बोगद्यापाशी मोठं वळण आहे, आणि नेमका त्याच वेळी मी बोगद्याचा भाग कार्डावरून वाचून घेत असतो. बाबा हाडाचे ड्रायव्हर. वळण आलं की स्टिअरिंग आवळावं तसं त्यांनी मला आवळलं. त्यांची आखडलेली बोटं उजव्या कडेवर, कार्डाच्या खाचेवर दाबली गेली. पडदा काळा.

गौरवीने मला घेतलं, तशीच बोटं ठेवली आणि जोर लावून दाबलं. मी बंद पडलो. तिच्या हातात, पहिल्यांदाच! तिने कार्ड काढलं, टॉर्च लावला आणि टाचणीने खाचेतून लालपिवळा मळ काढला. कार्ड नीट टेकत नव्हतं, दाबलं की सुटत होतं.

"आई, ह्या बघ! तुझी पिंजर!"

सत्यवतीने पदर तोंडाला लावला. "अगो, मी देवाच्या नावान लायली ती!"

खाच स्पिरिटने पुसून गौरवीने मला परत बाबांच्या हातात दिलं. "हात वायट नाय, बाबा. हाताक जोर इलो, म्हणान कार्ड हलला. मी ह्येका एवढो आवळतच नाय. मे म्हयन्यात ह्याच हातात पाण्याचो पेलो ऱ्हवत नव्हतो, इसरलात?"

बाबांनी आपली बोटं डाव्या हाताने एकेक चाचपून बघितली. मग म्हणाले, "खरा सांगतंस?" आणि त्यांनी मला इतकं आवळलं की माझं मागचं झाकण करकरलं. आम्ही बोगदा पार केला. पलीकडे समुद्र होता. बाबांबरोबर तो मी पहिल्यांदाच बघितला.

साखरपुड्याच्या दिवशी मी बाहेरच्या खोलीतल्या फळीवर होतो. केरीची माणसं पंगतीला बसली आणि त्यांच्यात बाबा. पहिला घास अर्धा पानातच सांडला. दुसराही थोडा सांडला. तिसरा तोंडात गेला. सत्यवती वाढता वाढता आत निघून गेली, रडायला गेली असणार. आणि मला, तुम्ही हसाल, मला त्या भाताचा हेवा वाटला. ती बोटं मी सरळ केली आणि मान कुणाला? भाताला!

आता गौरवी केरीला असते. बाबा आठवड्यातून तीन दिवस शेजाऱ्याचा पिकअप चालवतात. माझी बॅटरी केव्हाच उतरली, चार्जर कुठे आहे ठाऊक नाही. मत्सर गेलेला नाही, तो माझ्याबरोबरच जाईल. स्टिअरिंगवर जळतो, ताटावर जळतो, परवा तर छत्रीवर जळलो. पण तो हात पुन्हा आखडला तर मी परत बाबांचा होईन, हा विचार एकदा मनात आला आणि मी तो झटकून टाकला. तेवढं नको. तुमच्या घरी खणात माझ्यासारखं कुणी पडलं असेल तर एकदा चार्ज करून बघा, एवढंच मागणं.

आज दुपारी बाबा फळीपाशी आले. मला वाटलं, आलेच! पण त्यांना माझ्या मागची लोणच्याची बरणी हवी होती. त्यांनी उजव्या हाताने, एकाच हाताने, मला उचलून बाजूला ठेवलं. मग त्याच हाताने बरणीचं झाकण फिरवून उघडलं.