घोड्याच्या टापांखालचं शहर

शाळेच्या व्हिडिओगेमच्या टीममध्ये एकच जागा उरली होती आणि ती मला हवीच होती. दुसऱ्यांच्या मॅचला टाळ्या वाजवून माझे हात भरून आले होते.

निवड शाळेच्या कॉम्प्युटर रूममध्ये. चिठ्ठी घेऊन घोड्यावरून वेशीतून निघायचं आणि भर बाजारातून चार मिनिटांत बंदर गाठायचं. कन्सोल मात्र कुणीतरी शाळेला देऊन टाकलेला, सात वर्षांचा. चालू केला की मिक्सरसारखा घरघरतो.

आधी बसला वरच्या वर्गातला चॅम्पियन. त्याच्या घरी नवाकोरा कन्सोल. वेशीतून मजेत निघाला. बाजारात गर्दी, झेंडे, कबुतरं, आणि चित्र जागच्या जागी थिजलं. सुटलं तेव्हा घोडा भोपळ्यांच्या गाड्यात. पावणेपाच मिनिटं.

"हा डबा आहे डबा," तो फणफणला. "यावर कोण खेळणार?"

"ही खेळेल," कप्तानताईनं मला पुढे ढकललं. तिच्यापुढे कुणाचं काही चालत नाही.

माझ्याही घरी असाच डबा आहे, मोठ्या बहिणीनं पिदडून मग मला दिलेला. त्याची खोड मला पाठ: जितकं जास्त दाखवायला लावाल, तितका तो धापा टाकतो. म्हणून बाजार येताच मी नजर खाली वळवली. पडद्यावर फक्त दगड, गटार आणि घोड्याच्या टापा.

"काय गं, कानातलं पडलं का?" चॅम्पियननं विचारलं. सगळे खिदळले.

हसा लेको. लाल दगड संपले की डावीकडे. ओले दगड म्हणजे कारंजं, वळसा. कोबीची पानं दिसली की उजवीकडे. मग लाकडी फळ्या, म्हणजेच बंदर. तीन मिनिटं बावन्न सेकंद.

"पण हिनं काही बघितलंच नाही," चॅम्पियन कुरकुरला. "असं कोण खेळतं?"

"पोचणारे," कप्तानताई म्हणाली. मग माझ्याकडे वळून, "उद्यापासून माझ्या घरी सराव. स्पर्धा नव्या कन्सोलवर आहे."

दुसऱ्या दिवशी मी ऐटीत तिच्या सोफ्यावर. बाजार आला, सवयीनं नजर खाली.

"वर बघ की. हा नाही अडकत."

बघितलं. तीन मजली घरं, गच्चीत वाळणाऱ्या चादरी, खिडकीतून भांडणाऱ्या दोन बायका. दोन वर्षं या रस्त्यानं जातेय मी.

"घोडा का थांबवलास?"

"एक मिनिट, ताई."

"चार झाली."

"मग पाचवं."

तिनं कपाळाला हात लावला.