सातवं इरलं

नवशा ठाकराच्या इरल्यातून चाळीस वर्षांत थेंब गळला नव्हता. वडिवळ्याच्या बाया भातलावणीला पावसात त्याचीच कामट्या-पानांची इरली डोक्यावर घेत, आणि दुसऱ्या कुणाची घेतलीच तर नवशा चार दिवस तोंड फुगवून बसे. असल्या माणसाला लोणावळ्याच्या बाजारात गाठून मुंबईच्या डिझायनर साहेबानं काय सांगावं? तर म्हणे, "सात छोटी इरली विणून द्या, बाबा. पण पानं नकोत. नुसता कामट्यांचा सांगाडा."

साहेबाचं काम एका शेटजींच्या नव्या बंगल्यात चाललं होतं. कौलं नाहीत, उतार नाही, वर सपाट स्लॅब. लोणावळ्यात असलं घर बांधायला छाती लागते. दिवाणखान्यात इरली टांगून आत बल्ब लावायचे, म्हणजे जाळीतून उजेड झिरपून भिंतींवर नक्षी पडेल, अशी साहेबाची कल्पना. नवशानं मान डोलावली आणि घरी येऊन सातही इरल्यांत पळसाची पानं दुहेरी बसवली. शहरातल्या माणसाला इरल्यातलं काय कळतंय, आपणच नीट करून द्यावं, असा त्याचा सरळ विचार.

पंधरा ऑगस्टला बंगल्यात पाहुणे यायचे होते. दुपारी इरली टांगली, पडदे ओढून बटण दाबलं, आणि फरशीवर ताटाएवढे सात उजेड पडले. भिंती काळ्याठिक्कर. साहेबानं कपाळावर हात मारला.

"बाबा, पानं काढा. पाचच्या आत सगळी."

नवशा इरली घेऊन व्हरांड्यात बसला खरा, पण हात चालेना. त्याची बायको गंगी शेजारीच होती.

"काढा की," ती म्हणाली. "दिव्याला काय पडसं हुतंय व्हय?"

"उद्या कुनी इचारलं, ही गळकी इरली कुनी केली, तर?"

"तर माजं नाव सांगा."

गंगीला हसू येत होतं, नवशाला मात्र रडू. एकेक पान उपसताना त्याला खरोखरच वाईट वाटत होतं, आपल्याच हातानं आपलं नाव बुडवतोय असं. सहा इरली सोलून झाली. सातवं मांडीवर घेतलं आणि तसंच गुपचूप टांगायला देऊन टाकलं. साहेब पाहुण्यांच्या कपबशांत अडकला होता, त्याला पत्ताच नाही.

पाहुणे आले. सहा दिव्यांची नक्षी भिंतींवर पडली, वाहवा झाली. पाऊस आठ दिवस हटला नव्हता, पण लोणावळ्यात त्याबद्दल कोण बोलतं? स्लॅबवर मात्र तळं साचलं होतं. दिवे टांगायला ठोकलेल्या हुकांपाशी ते पाणी बरोबर वाट काढत उतरलं. पहिला बल्ब फट्‌ करून गेला. मग दुसरा, मग तिसरा. सहाही गेले. सातव्यावरही धार लागलीच होती, पण पाणी पानांवरून घरंगळून खाली पडत होतं आणि आतला दिवा आपला मजेत जळत होता.

सगळे पाहुणे बशा सांभाळत त्याच्याभोवती गोळा झाले.

"एवढ्या मोठ्या खोलीत एकच दिवा," एक बाई कौतुकानं म्हणाल्या. "काय धाडस आहे हो."

"मुद्दाम तसं योजलंय," साहेब म्हणाला. त्याच्या मानेवर पाणी ठिबकत होतं.

थोड्या वेळानं तो व्हरांड्यात आला. आता बोलणी बसणार म्हणून नवशा उठून उभा राहिला.

"चुकलं, साहेब. सातव्याला हात लागंना."

"अहो, नाही," साहेब हळूच म्हणाला. "बाकीची सहाही तशीच करून द्या. पानं घालून."

नवशानं दारातून आत पाहिलं. छतातून सात ठिकाणी पाणी पडत होतं. गंगीनं पदर तोंडाला लावला.

"सहा तर परवाच आनून देतो," तो म्हणाला. "पर साहेब, बंगल्याचं माप मिळंल का? पळस लय लागंल, पर बसवतो मी."